आनंदाबाईचं वाक्य

मित्रांनो, मी एक जुना फळा आहे, पण मला वर्गातला समजू नका. वर्गातल्या फळ्याच्या नशिबी गणितं आणि नकाशे असतात. मी शाळेच्या फाटकाजवळ, बाहेरच्या भिंतीवर टांगलेला होतो. रोज सकाळी माझ्यावर एक सुविचार लिहिला जायचा. येणारा-जाणारा तो वाचायचा, नाही तर वाचल्यासारखं करायचा.

वर्ध्याच्या एका सुतारानं मला घडवलं. आंजीपर्यंत मी एसटीच्या टपावरून आलो आणि तिथून पुढं आमच्या गावापर्यंत बैलगाडीत. ही नव्वद सालानंतरची गोष्ट. सुरुवातीची वर्षं तीच ती वाक्यं अंगावर वागवत गेली. सगळी पुस्तकातली, सगळी पुरुषांची. खरं सांगू? मला कंटाळा यायचा.

मग ज्योत्स्नाबाई शाळेत शिकवायला आल्या. रोज नालवाडीहून एसटीनं यायच्या. एका महिला दिनाला त्यांनी माझ्याकडं बघून विचारलं, की या फळ्याला बाई माहीतच नाही का? त्यानंतर माझ्यावर थोर स्त्रियांची वाक्यं येऊ लागली. ती संपत आली तेव्हा बाई मुलींना म्हणाल्या, थोर बाया काही फोटोतच नसतात, आपल्या गावातही आहेत, त्यांना जाऊन विचारा. आणि त्यांनी एक रीत घालून दिली. वाक्य जसं बोललं तसंच लिहायचं, त्याला सजवायचं नाही, आणि खाली त्या बाईचं स्वतःचं पूर्ण नाव. अमक्याची आई, तमक्याची बायको, हे चालणार नाही.

पहिलं वाक्य देवकाबाईंचं. आमचा जिल्हा दारूबंदीचा, आणि गावच्या नाल्यात दारूच्या भट्ट्या, असा सगळा कारभार! त्या भट्ट्या देवकाबाईंनी बायांना घेऊन फोडल्या होत्या. त्यांचं वाक्य होतं, "भेव मलेही वाटे, पन चार जनी संगं होत्या म्हून पाय मागं गेले नाई." त्यांना वाचता येत नव्हतं. यातलं माझं नाव कोणतं, म्हणून त्यांनी विचारलं, आणि डोक्यावर पदर घेऊन त्या नावासमोर कितीतरी वेळ उभ्या राहिल्या. मग सुईणीचं काम करणाऱ्या शकुंतलाबाईंचं आलं, "पोरगी झाली सांगतानी मी आवाज लहान करत नाई." बायाबापड्या मुद्दाम वाट वाकडी करून माझ्यासमोरून जाऊ लागल्या. काय सांगू मित्रांनो, तेव्हा मी फार फुशारलो होतो.

ही वाक्यं गोळा करायची ती मोहिनी. सातवीतली, मोत्यासारख्या अक्षराची. कापूस वेचणाऱ्या बायांच्या मागं मागं ती धुऱ्यानं, म्हणजे शेताच्या बांधानं चालायची, एकच प्रश्न विचारायची आणि उत्तर येईपर्यंत गप्प राहायची. तिचे वडील रूपराव. स्टँडवर त्यांचं किराणा दुकान होतं आणि शाळा समितीचे अध्यक्षही तेच. खडूचे डबे ते दुकानातून फुकट द्यायचे. वर्ध्याचे पाहुणे आले की त्यांना माझ्यापुढं उभं करून सांगायचे, आमच्या गावात बायांना मान आहे. मोहिनीला पुढं आंजीच्या हायस्कुलात घालायचं त्यांनी कबूल केलं होतं. पोरगी त्या एका कबुलीवर जगत होती. मला पुसताना मैत्रिणीला, मयुरीला, ती दुसरं काही सांगतच नसे.

सगळ्या गावच्या बायांची वाक्यं झाली, राहिली ती तिची आईच. आनंदाबाई दर वेळी टाळायच्या. माझ्यापाशी काय आहे सांगायला, म्हणायच्या. एका संध्याकाळी तांदूळ निवडताना मोहिनीनं पुन्हा विचारलं, आणि आई मान वर न करता बोलून गेली. दुसऱ्या दिवशी मोहिनी फाटकाशी आली तेव्हा तिचे डोळे चमकत होते. आजवरचं सगळ्यांत खरं वाक्य मिळालं, असं ती मयुरीला म्हणाली. ज्योत्स्नाबाईंची एसटी त्या दिवशी उशिरा होती. पोरीनं आपल्या सुरेख अक्षरात लिहिलं,

"मले कोनी विचारलं असतं, त मी या घरात आलीच नसती."

खाली आईचं पूर्ण नाव लिहिलं, आणि ती प्रार्थनेला आत गेली.

त्या दिवशी कोणी वाचल्यासारखं केलं नाही. सगळ्यांनी वाचलं. कोणीतरी हसलं आणि कोणीतरी दुकानाकडं धावलं. रूपराव आले, उभ्यानं वाचलं, आणि गळ्यातल्या दुपट्ट्यानं मला पुसलं. कोरड्या कापडानं खडू नीट जात नाही. अक्षरं फिकट झाली, पण दिसत राहिली. ते शाळेत गेले नाहीत, घराकडं गेले.

आनंदाबाई पुढं बरेच दिवस नळावर आल्या नाहीत. आल्या तेव्हा पदर भुवईपर्यंत ओढलेला होता. देवकाबाई त्यांच्या दारी गेल्या होत्या, चार जणी संगं घेऊनच गेल्या होत्या. रूपरावांनी त्यांना ओसरीवर बसवलं, चहा पाजला, आणि ही घरातली गोष्ट आहे म्हणून सांगितलं. भट्ट्या फोडणाऱ्या त्या बाया चहा पिऊन, आनंदाबाईंना न भेटताच परत आल्या. मला त्या दिवशी जेवढं रडू आलं तेवढं पुन्हा कधी आलं नाही.

ज्योत्स्नाबाईंनी फाटकापाशी रूपरावांपुढं हात जोडले. चूक माझी आहे, मीच तसं शिकवलं, पोरीला शिक्षा करू नका, म्हणाल्या. रूपराव आवाज न चढवता बोलले.

"म्याडम, तुमचा काई दोष नाई. पोरगी शिकली तितकी बस झाली."

आंजीचं हायस्कूल राहिलं. सोळावं लागायच्या आत मोहिनीचं लग्न लावून तिला जाम गावी देऊन टाकलं. तिलाही कोणी विचारलं नाही.

ज्योत्स्नाबाईंची बदली झाली. समितीनं ठरवलं की फळ्यावर आता रोज रोज लिहिणं नको. वर्ध्याहून पेंटर आला. त्यानं एका थोर बाईंचं वाक्य माझ्यावर ऑइल पेंटनं कायमचं रंगवलं. वाक्य चांगलंच आहे हो, त्याला मी नाव ठेवत नाही. पण त्या बाई दूरच्या, कधीच्या वारलेल्या. त्यांच्या बोलण्यानं गावात कोणाचं काही बिघडत नव्हतं. दर महिला दिनाला मला हार घालत. मग हारही थांबला आणि रंगाचे पोपडे निघू लागले.

दोन हजार दहाच्या सुमारास गजेंद्र नावाचे नवे मास्तर आले. भला माणूस. जुनी रीत त्यांच्या कानावर आली आणि ती पुन्हा सुरू करावी असं त्यांनी मनावर घेतलं. त्याच उन्हाळ्यात मोहिनी लेकीला घेऊन माहेरी आली होती. मास्तरांनी तिला फाटकाशी बोलावून घेतलं. रंगवलेल्या अक्षरांखाली थोडी मोकळी जागा होती. त्यांनी तिच्या हातात खडू दिला आणि म्हणाले, ताई, पहिलं वाक्य तुमचं, आणि इथं आहात तोवर रोज तुमची लेक लिहील.

ती माझ्याकडं बघत राहिली. गावातल्या प्रत्येक बाईला बोलतं करणारी ही पोर. मी आतून जीव तोडून म्हणत होतो, लिही गं बाई, काहीही लिही. तिनं खडू मास्तरांच्या हातात परत ठेवला.

"मले काई सांगाचं नाई, सर. अन् माह्या पोरीले इथं उभी नका करू."

लेकीचा हात धरून ती गेली. 

मित्रांनो, माझी चौकट आता वाळवीनं खाल्ली आहे. मला रंग द्या, नवे खिळे ठोका, असं मी मागत नाही. तुमच्या शाळेतही असा एखादा फळा असेल, आणि त्यावर बायांची वाक्यं लिहीत असाल तर जरूर लिहा. पण ज्या दिवशी एखादी बाई खरं बोलेल, त्या दिवशी वाचून नुसते पुढं जाऊ नका. संध्याकाळी तिच्या दाराशी जा, आणि ती स्वतः बाहेर येईपर्यंत तिथून उठू नका.