चहाच्या वेळचा उंदीर

आमच्या हिने आयुष्यभर एका उंदरावर जीव टाकला. नवरा म्हणून सांगायला लाज नाही, माझा नंबर कायम दुसरा. संग्रहालयात सस्तन प्राण्यांचा विभाग ती सांभाळायची. नोकरीच्या सुरुवातीलाच तिला एका जुन्या खणात कापूस भरलेलं तपकिरी कातडं आणि नखाएवढी कवटी सापडली. दाढेवरची वेगळीच घडी बघून तिने ठरवलं, ही जात नवी आहे. ते खरं निघालं, नावही तिनेच ठेवलं. पण तो उंदीर जिवंत असा कुणीच पाहिला नव्हता. एकदा तरी त्याला हिंडताफिरताना बघायचं, एवढाच तिचा ध्यास.

निवृत्तीच्या तोंडावर परवानगी मिळाली आणि ते कातडं जिथून आलं होतं, त्या डोंगरात आम्ही तंबू ठोकला. मी अर्थात हमाल. रोज सकाळी सापळे तपासून ती हिरमुसून परत यायची. चहाच्या वेळी मात्र एक राखाडी उंदीर बिनदिक्कत बिस्किटाचा चुरा टिपायला यायचा. आपला तपकिरी आहे, हा नव्हे, असं म्हणत ती त्याला हाकलायची. निघायच्या दिवशी तो बादलीत बुडून मेलेला सापडला. संग्रहालयातली माणसं मेलेलं काही टाकत नाहीत. सवयीने तिने त्याला स्पिरिटच्या बाटलीत घातलं.

परत आल्यावर कवटी साफ करून भिंगाखाली धरली, तर दाढेवर तीच घडी. खणातलं कातडं वर्षानुवर्षं पडून तपकिरी पडलं होतं. जुनी कातडी रंग बदलतात, हे दुसऱ्यांना शिकवण्यातच तिची हयात गेली होती. त्या दिवशी ती जेवली नाही.

आता गुडघे डोंगराचं नाव काढू देत नाहीत. चहा पुढ्यात आला की ती मला विचारते, तो खाताना कसा बसायचा, कान हलवायचा का. मी तर तिथे रिकामाच होतो, तेव्हा मी नक्की पाहिलं असणार, असं तिला वाटतं. काहीतरी रचून सांगता आलं असतं. पण उंदराच्या बाबतीत तिच्याशी खोटं बोलायची माझी छाती नाही.

काल शेवटी सांगून टाकलं. "अगं, मी त्याच्याकडे बघतच नव्हतो. इतक्या वर्षांनी तू माझ्यासमोर रोज चहाला बसत होतीस. मी तुझ्याकडे बघत होतो."

तिने हातातला कप खाली ठेवला. चहा पार निवला. मग हळूच म्हणाली, "बरं, मग मी कशी बसायचे ते सांगा."