कॉलरमागचे तीन लाल टाके

गावात तापाची साथ आली त्याला महिना झाला होता, आणि फौजदारांना खुनाची केस मिळाली त्याला आठ दिवस. बदली होऊन आल्यापासून बिचाऱ्यांच्या वाट्याला सायकलचोरांपलीकडे काही आलं नव्हतं, त्यामुळे ते नुसते हुरळून गेले होते. शिंपी गायब, त्याच्या घराला कुलूप, न्हाव्याच्या दुकानात रक्ताचा टॉवेल. शिवाय दाढी करताकरता दोघांची जुंपली होती आणि "गळाच कापीन तुझा" हे न्हाव्याचे शब्द समोरच्या किराणावाल्यानं ऐकले होते. हॉस्पिटलच्या वहीत शिंप्याचं नाव नव्हतं. म्हणजे साथीतल्या मयतांबरोबर प्रेत गुपचूप पुरलं, असा फौजदारांनी तर्क लढवला.

न्हावी हा लाँड्रीवाल्या ताईंचा धाकटा भाऊ. ताई रोज कोठडीत डबा घेऊन जायच्या आणि बजावायच्या, की बाबा रे, काहीतरी बोल. तो मूग गिळून बसलेला. बोललाच तर एवढंच, की माझ्यामुळेच मेला तो. ते ऐकलं की ताईंच्या पायाखालची जमीन सरकायची. लहानपणी कोंबडी कापायची म्हटली की माळ्यावर लपणारा हा पोरगा, खून करतो कसला! पण कोर्टात कोंबडीची साक्ष चालत नाही.

नवव्या दिवशी सकाळी ताई हॉस्पिटलचं गाठोडं उकळायला टाकत होत्या. हॉस्पिटल म्हणजे साथीमुळे रिकामी पडलेली शाळाच. तिथं लोक असे ग्लानीत यायचे, की नाव सांगायचीही शुद्ध नसायची. म्हणून ताईंनीच डोकं चालवलं होतं. लाँड्रीत प्रत्येक गिऱ्हाइकाच्या कपड्याला लाल दोऱ्याची वेगळी खूण असे. त्या खुणांची यादी त्यांनी साथीसाठी बाहेरगावाहून आलेल्या नर्सबाईंना देऊन ठेवली. खूण बघायची आणि वहीत नाव लिहायचं. अख्ख्या गावानं ताईंची पाठ थोपटली होती.

हाताला एक शर्ट लागला. कॉलरमागे तीन आडवे टाके, म्हणजे पोस्टमास्तर. ताई हळहळल्या. मग आठवलं, पोस्टमास्तर तर आत्ताच दारावरून शिट्टी वाजवत गेले. त्यांनी शर्ट उजेडात धरला. कॉलर उलटवून नव्यानं शिवलेली होती, आणि इतका बारीक टाका गावात एकाच माणसाचा. तो माणूस गिऱ्हाइकाचा शर्ट एक दिवस स्वतः घालून हिंडल्याशिवाय परत देत नसे. कॉलर मानेला टोचते का ते बघतो, म्हणायचा. खरं तर स्वतःकडे धड शर्टच नव्हता. ताईंनी कपाळावर हात मारला. त्यांच्याच यादीनं त्यांचा भाऊ फासावर निघाला होता. ओल्या हातांनीच त्या चौकीकडे पळत सुटल्या.

तासाभरात फौजदार, ताई आणि बेडीतला न्हावी शाळेच्या खिडकीबाहेर उभे होते. आत खाटेवर शिंपी बसला होता, हडकुळा पण जिवंत, आणि नर्सबाईंशी हुज्जत घालत होता. त्याला कालच शुद्ध आली होती. तेव्हापासून तो मी शिंपी आहे म्हणून सांगत होता, आणि ताप डोक्यात गेलाय असं म्हणून नर्सबाई त्याला पोस्टमास्तर, पोस्टमास्तर करत दूध पाजत होत्या.

फौजदारांचा चेहरा जरा पडला, मग त्यांनाही हसू आवरेना. त्यांनी बेडी काढली. ताईंना तर आनंदानं नाचावंसं वाटत होतं. न्हावी मात्र खिडकीचे गज धरून ढसाढसा रडायला लागला.

"दाढी करताना तुझं अंग भाजत होतं," तो म्हणाला. "हाताला कळलं माझ्या. मला लागण होईल म्हणून भांडण उकरून काढलं. घाईत वस्तराही लागला. डॉक्टरांकडे न्यायचं सोडून मी तुला हाकललं."

"मला काय ताप कळला नव्हता?" शिंपी म्हणाला. "तो लपवूनच बसलो होतो तुझ्या खुर्चीत. डॉक्टरपेक्षा तुझ्याकडं बरं वाटतं."

न्हाव्यानं नाक पुसलं. दाढ्या वाढलेले आत किती जण आहेत, असं त्यानं नर्सबाईंना विचारलं. अकरा, त्या म्हणाल्या.

"ताई, दुकानातून माझी पेटी आणून देशील?" तो म्हणाला, आणि नर्सबाईंकडून मास्क घेऊन आत गेला.