अर्धी अर्धी गोळी

धाकटीनं साथरोगशास्त्राला प्रवेश घेतला, तेव्हा आईला त्या शब्दाचा उच्चार काही जमेना. ती शेजारीपाजारी सांगायची, "आमची रोगांचा हिशेब शिकतेय." धाकटी तोंड वाकडं करायची, पण चूक तरी काय काढणार?

शिकवणाऱ्या बाई मात्र झकास होत्या. पहिल्याच तासाला म्हणाल्या, "कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ पडली, की लोक कावळ्याला धरतात. आपण आधी मोजायचं. कावळा बसूनही किती फांद्या शाबूत राहिल्या, आणि कावळा नसताना किती मोडल्या. मग तोंड उघडायचं." धाकटी घरी येऊन दोन दिवस सगळ्यांना कावळे मोजायला लावत होती.

आता ही पोरगी या विषयाकडे का वळली, ते सांगते. तिच्या दादाला जन्मापासून ऐकू येत नाही. दादाला त्याचं फारसं काही नाही. सोफे मढवायचं त्याचं दुकान आहे, हातात कसब आहे, बोटांनी असा काही बोलतो की समोरचा हसून लोळतो. रुतून बसलंय ते आईच्या मनात. दादा पोटात असताना तिनं डोकं दुखतं म्हणून एक गोळी घेतली होती, डॉक्टरला न विचारता. तेव्हापासून तिची खात्री, की लेकराचे कान त्या गोळीनं नेले. कारण सांगता येत नाही, असं डॉक्टर सांगून थकले. आई मान डोलवायची आणि पहिले पाढे पंचावन्न. डोकं ठणकलं तरी कपाळाला फडकं बांधून बसेल, गोळीला हात लावणार नाही. दादा जेवायला बसला की त्याच्याकडे अशी बघायची, जणू त्याची माफी मागायची राहून गेलीय. आईचा हा सल काढायचा, एवढ्याचसाठी धाकटी शिकत होती. बोलली मात्र कुणाजवळ नव्हती.

मग बाईंनी सरावाला काम दिलं. जन्मापासून काही दुखणं असलेल्या मुलाची एक आई गाठायची, धडधाकट मुलाची दुसरी, आणि गरोदरपणाबद्दल दोघींना तेच तेच प्रश्न विचारायचे. बाकीची मुलं दवाखाने धुंडाळायला निघाली. धाकटी म्हणाली, काखेत कळसा आणि गावाला वळसा कशाला? एक आई घरातच होती. दुसरी समोरच्या दारातली मावशी, आईची जुनी मैत्रीण. दोघी एकाच वेळी गरोदर होत्या आणि एका मोठ्या दवाखान्याच्या धुलाईघरात एकाच टेबलाशी चादरींच्या घड्या घालायच्या. मावशीच्या मुलीला सगळं ऐकू येतं, एक स्वतःच्या आईचं सोडून.

रविवारी दुपारी स्वयंपाकघरात तिघी बसल्या. आई मटार सोलत होती. धाकटीनं प्रश्न विचारायला घेतले, तर आईचं सगळं तोंडपाठ. वाफ कुठल्या नळातून गळायची, साबणाचा वास कसा नाकात जायचा, ओल्या चादरींचं टोपलं कितव्या महिन्यापर्यंत उचललं. आणि गोळी. पांढरी, अर्धी, जेवणाच्या सुट्टीत, डब्याच्या झाकणातून पाणी पिऊन.

मावशीची तऱ्हाच वेगळी. "अगं, काल भाजी कुठली केली ते आठवत नाही मला, आणि तू कुठलं विचारतेस? वाफ? असेल बाई."

"औषध काही घेतलंत?"

"छे. ठणठणीत होते मी."

आईचे हात थांबले. धाकटीचं लक्ष नव्हतं. ती आपल्या हुशारीत बोलून गेली, "म्हणजे बघा, गोळी आईच्या बाजूला आहे, मावशीच्या बाजूला नाही. इथे फरक दिसतोय."

शब्द तोंडातून सुटले आणि तिनं जीभ चावली. पण बूंद से गयी ती काय हौदानं येते? आई सालांचं ताट घेऊन उठली. मावशीलाही काहीतरी बिनसल्याचं कळलं. दूध तापत ठेवलंय म्हणाली आणि गेली.

"आई, मी गाढव आहे," धाकटी म्हणाली.

"जे आहे ते बोललीस." आईनं सालं बादलीत झटकली. मग हळूच म्हणाली, "पण तुझं उत्तर चुकू नये म्हणून सांगते. उरलेली अर्धी तिनं घेतली होती."

"मावशीनं?"

"गोळी तिचीच. डोकी दोघींची दुखत होती आणि पिशवीत एकच निघाली. तिनं मोडून अर्धी मला दिली."

"आणि इतकी वर्षं तू तिला बोलली नाहीस?"

"काय बोलू? तुझ्या गोळीनं माझ्या पोराचे कान नेले म्हणू? तिनं प्रेमानं दिली होती गं. एक झुरली तेवढं पुरे झालं."

धाकटीला रडू फुटलं. रागही आला, आईचा आणि त्याहून जास्त स्वतःचा.

"अगं, पण तिची मुलगी चांगली आहे ना?"

"तिला मानवली. मला नाही मानवली."

इथे खोटं बोलणं सोपं होतं. गोळीनं काही झालं नाही, असं छातीठोक सांगितलं असतं, तर आईनं ते डॉक्टरांच्या बोलण्यासारखंच कानाआड केलं असतं. धाकटीनं डोळे पुसले आणि आईला समोर बसवलं.

"तुम्हा दोघींच्या एका जोडीवरून मला गोळीला सोडता येत नाही, आई. पण धरताही येत नाही. आज ती फक्त तुझ्या नावावर लागली, कारण मावशी विसरली. बाई म्हणतात, हे नेहमी होतं. ज्यांचं लेकरू धडधाकट निघतं त्या आया विसरून जातात. ज्यांचं नाही, त्या एकेक दिवस परत परत उलटून बघतात. तू काही जास्त केलं नव्हतंस. तू जास्त शोधलंस."



"म्हणजे तिनंही तेच केलं होतं," आई म्हणाली. "फक्त तिला शोधावं लागलं नाही."

"हो."

आई मटार सोलायला बसली. अर्धे सोलले, अर्धे तसेच ठेवले. मग पदराला हात पुसून उठली आणि समोरच्या दाराशी गेली. जी गोष्ट जन्मभर या मैत्रिणीपासून लपवली, तीच सांगायला गेली. धाकटी उंबऱ्यातच थांबली.

"काय गं," आई म्हणाली, "तुझ्या पिशवीतली ती गोळी आठवते का? आपण अर्धी अर्धी घेतलेली?"

"कसली गोळी?" मावशी म्हणाली.

आई हसायला लागली. हसता हसता डोळ्यांतून पाणी यायला लागलं, तेव्हा मावशीनं तिला हाताला धरून आत नेलं.