तेत्सुरो कोचच्या अर्जाबाबत डाव्या बुटाचे निवेदन

विषय : श्री. तेत्सुरो मिनागावा, फुटबॉल प्रशिक्षक, यांचा न्यूझीलंडमध्ये राहून काम करण्याच्या परवान्यासाठीचा अर्ज.
संदर्भ : क्लबचे सचिव शशिकांत यांचे फोनवरील बोलणे.

उपरोक्त विषयी मी, तेत्सुरोचा डावा बूट, बोलतोय. उजवा बूटही आहे. पण आमचा मालक डाव्या पायाचा खेळाडू, त्यामुळे उजवा जन्मभर सहीपुरताच राहिला. त्याच्या वतीनेही मीच बोलतो.

माझं चामडं ऑस्ट्रेलियातल्या कांगारूचं. ते बोटीने जपानला गेलं, तिथे त्याचा मी झालो, आणि तेत्सुरोच्या बॅगेत बसून ऑकलंडला आलो. एवढी ये-जा झाली, पण मला कुणी परवाना विचारला नाही. विमानतळावर फक्त तळव्याला परदेशची माती आहे का ते पाहिलं. तेत्सुरोच्या बुटाला माती! तपासणारी बाई ओशाळली.

जपानमध्ये तो तिसऱ्या श्रेणीच्या संघात खेळायचा. म्हणजे बराच वेळ बाकावर बसायचा. तो शांत बसे, मला मात्र स्वस्थता नसे. माझे खिळे सतत जमीन उकरत असत. इथल्या क्लबाने बोलावलं तेव्हा वाटलं, आता धावायला मिळेल. दोन हंगाम मिळालंही. मग एका सामन्यात त्याचा डावा गुडघा फिरला. पाय बाद झाला की बूट आपोआप निवृत्त होतो, पेन्शनशिवाय.

तेत्सुरो मग ऑकलंडच्याच बॉटनी डाउन्स भागातल्या क्लबात मुलींचा कोच झाला. मैदानावर मऊ तळव्याचे शूज जातात. मी बॅगेत पडून चेंडूचे आवाज ऐकतो. दर शनिवारी तो मला बाहेर काढून पुसतो. काम काढून घेतलेल्या माणसाची दर आठवड्याला प्रकृती विचारावी, तसं वाटतं.

खेळ संपला की तेत्सुरो चेंजिंग रूम झाडतो. जपानच्या शाळेतली सवय. त्याचं बघून मुलीही झाडू लागल्या. घरी स्वतःचं ताटसुद्धा न उचलणाऱ्या मुली! पालकांना कोच देवमाणूस वाटू लागला, आणि इथेच घोटाळा झाला.

परवान्याच्या कचेरीतून शशिकांतला फोन आला. हे मूळचे पुण्याचे, व्यवसायाने इंजिनीयर. आमच्या सिद्धी नावाच्या गोलकीपरचे वडील. साहेबाने विचारलं, कोच नेमकं काय काम करतात? आता आपल्याकडे शिफारस करताना माणसाला काय येतं ते सांगत नाहीत. तो किती साधा आहे ते सांगतात.

"एवढा मोठा प्लेअर, पण गर्व म्हणून नाही," शशिकांत म्हणाले. "चेंजिंग रूम स्वतः झाडतात. मैदानावरच्या रेषा स्वतः मारतात. चहाचे कपसुद्धा विसळतात!"

"आणखी काही?"

"परवा गळका नळ दुरुस्त केला."

कचेरीने लगेच विचारणा केली : हे पद प्रशिक्षकाचं आहे की सफाई कामगाराचं? समाधानकारक खुलासा न आल्यास अर्ज फेटाळला जाईल. म्हणजे तेत्सुरोने देश सोडायचा.

"अरे, तू कोचची माहिती देत होतास की स्थळ सुचवत होतास?" शशिकांतच्या फार्मासिस्ट पत्नी वसुंधराबाई कडाडल्या. "निर्गर्वी आहे, कामसू आहे, कप विसळतो! फुटबॉल शिकवतो, हे कोण सांगणार?"

"ते तर त्यांना माहीतच असणार ना?"

"डॅड, ही टॉट मी हीप्स! किती शिकवलं त्यांनी!" सिद्धी रडवेली झाली. "यू डिडन्ट से दॅट?"

शेवटी कचेरीला सरावाचं चित्रीकरण पाठवायचं ठरलं. वसुंधराबाईंनी कोचला आपादमस्तक न्याहाळलं. "या शूजमध्ये तुम्ही डेअरीतून दूध आणायला निघालेले दिसता. खरे बूट नाहीत का?"

होते!

त्या दिवशी मी ओल्या गवतावर उतरलो. मैदानात पाऊल टाकण्याआधी तेत्सुरो नेहमीसारखा मैदानाला वाकला, मला तो नमस्कार आपल्यालाच वाटला. गुडघा कुरकुरत होता, मी ऐकत नव्हतो. त्याने सिद्धीला दाखवायला एक चेंडू मारला. चेंडू वळून कोपऱ्यात गेला. मुली ओरडल्या, चित्रीकरण करणाऱ्या शशिकांतच्या हातातला फोन हलला.

सराव संपला. चेंजिंग रूममध्ये मुलींनी सवयीने झाडू उचलले, तेत्सुरोनेही. शशिकांत घाईने म्हणाले, "कोच, हा भाग मी कट करतो हं."

"नो कट."

"अहो, यानेच तर सगळं अडलंय! फक्त गोल पाठवू."

तेत्सुरोने केर सुपलीत भरला. "गोल मी एकट्याने केला," तो म्हणाला. "हे त्या करतात. हेच मी शिकवलं."

"आणि परत जावं लागलं तर?"

तेत्सुरोने सुपली डब्यात रिकामी केली. मी त्याच्या पायात होतो, म्हणून मला कळलं. बोटं आत घट्ट आवळली होती. शशिकांतने वसुंधराबाईंकडे पाहिलं. त्या म्हणाल्या, "पाठव तसंच."

चित्रीकरण न कापता रवाना झालं. कचेरीतल्या साहेबांना माझी नम्र विनंती, ते शेवटपर्यंत पाहावं. मध्येच चहाला उठू नये.

पोच मिळाली आहे. मंगळवार-गुरुवारचा सराव चालू आहे. अर्ज विचाराधीन आहे.