म्हस्कूचं नाव

आसराबाईच्या तोंडी लागू नये, असं केदारखेड्याच्या आसपास सगळेच म्हणायचे. आता खरं सांगायचं तर ती उगाच कुणाला वाकडं बोलणारी बाई नव्हती. आपली मेंढरं भली, आपलं घर भलं. पण कुणी खोडी काढली की मग समोर पाटील असो नाहीतर पुढारी, पदर खोचून उभी राहायची.

तिचा नवरा ऐन उमेदीत वारला आणि सासरच्यांनी तिला लेकरांसकट बाहेर काढलं. तेव्हा थोरला भाऊ म्हस्कू जाऊन तिला घेऊन आला. आपल्या घराला लागून खोली बांधून दिली, निम्मी मेंढरं तिच्या नावानं सोडली आणि बायकोला सांगितलं, "आसरी इथंच ऱ्हाणार. पुन्हा ईषय न्हाई." लोकांच्या जिभेला काय हाड असतं? 'भावाच्या जिवावर बसली' इथून सुरू झालेली कुजबुज बहीणभावाच्या नात्यावर नको ते बोलण्यापर्यंत गेली. म्हस्कूनं ती ऐकली आणि गिळली. त्याचं घर आणि तिची खोली यांच्यातला दरवाजा त्यानं कधी लावला नाही. आसराबाईला जगात भ्यायची एकच गोष्ट होती: आपल्यापायी म्हस्कूदादाला कुठं मान खाली घालावी लागू नये.

सत्त्याण्णव साली स्पेनचे सिनेमावाले माळावर उतरले. गाड्या, छत्र्या, वायरींची भेंडोळी, नुसता गोंधळ. त्यांची बोली इंग्रजीतून मराठीत आणायला होता गावचाच तातेराव, बदनापूरला इतिहास शिकवणारा. आणि मध्यभागी खुर्ची टाकून बसलेली त्यांची बडी नटी, पिलारबाई. वय झालेलं, पण ताठा असा की मेंढरंसुद्धा वाट सोडत.

"आक्का, ही साधीसुधी बाई न्हाई," तातेराव आसराबाईला सांगू लागला. "जवानीत जिप्सी पोरींची कामं करूनच ही तिकडं येवढी गाजली. लाल घागरा, केसात फूल, ठुमकत नाचणं. आन खरी कोण, तर वकिलाची पोरगी."

"जिप्सी म्हंजी?"

"पालं ठोकून फिरणारे लोक. हजारेक वर्षांमागं आपल्याच मुलखातून तिकडं गेले म्हणतात. स्पेनच्या राजांनी त्यांची बोली बंद केली, फिरणं बंद केलं. एकदा तर हुकूम काढून बायकापोरांसकट धरून कोंडलं. पुढं सिनेमे निघाले, त्यात त्यांचंच गाणं, त्यांचेच कपडे, आन नाचायला ही."

"म्हंजी गाणं ठेवलं आन गाणारीला हाकललं?"

"तसंच म्हणा की. आता ह्या सिनेमात ही म्हातारी नटीच झालीय. जलमभर दुसऱ्याचं सोंग घेतलं, मंग मी कोण, असं म्हणत ती जिप्सींचं मूळ शोधत इकडं येती. अशी ष्टोरी हाय."

"शोध म्हणावं, बिलकुल शोध. आमचं पाणी पिऊन ऱ्हा, उन्हातान्हात फीर, मंग सापडंल," आसराबाई म्हणाली आणि डाळ भरडायला निघून गेली.

पीठ आता गिरणीतून यायचं, पण डाळीसाठी जातं होतंच. जात्याला हात लागला की आसराबाईच्या गळ्यातून ओवी निघायची. बाहेरून जाणाऱ्या सिनेमावाल्यांच्या आवाज टिपणाऱ्या गड्यानं ती ऐकली आणि पळत जाऊन डायरेक्टरला घेऊन आला. लांब दांडीचा माइक खोलीत शिरला.

"सांजच्या पारामंदी, दारी वाट गं पाहिते,
म्हस्कू बंधवाच्या बाई, पायावं पानी घालिते."

ही ओवी काही तिच्या एकटीची नव्हती. आख्ख्या गावातल्या बायका ती गायच्या. ओवी तीच, नाव मात्र जिचं तिचं. नवऱ्याचं नाव घ्यायची चोरी, पण जात्यावर बसलं की भावाचं नाव मोकळ्या गळ्यानं घ्यायचं. सासरी कितीही सोसलेल्या बाईची तेवढीच एक हक्काची जागा.

"तातेराव, ह्ये भावाचं हाय बरं. त्यान्ला नीट सांग."

तातेरावनं सांगितलं. डायरेक्टरनं मान हलवली आणि हसून काहीतरी बोलला.

"काय म्हणून राह्यला?"

"म्हणतोय, आवाज लई सुंदर हाय. शब्द तिकडं कुणाला कळणार?"

"त्यान्ला न कळू दे. ह्याला तर आता कळलं ना? मंग झालं."

सरळ मनाची बाई. एकदा माणसाला सांगितलं, त्यानं मान हलवली, की तिच्या लेखी विषय संपला. पाहुण्यांना ताक पाजून तिनं वाटेला लावलं.

दोन वर्षांनी सिनेमाला कुठल्याशा देशात बक्षीस मिळालं आणि जालन्याच्या एका हौशी मंडळानं शहरातल्या टॉकीजात दुपारचा खास खेळ ठेवला. पिलारबाई आणि डायरेक्टर स्वतः येणार होते. आसराबाईचा सत्कार ठरला. गावचे अप्पाराव, पन्नास एकरांचे धनी, बोलण्यात सदा पुढं, त्यांनी ट्रॅक्टरला ट्रॉली जोडली आणि गाव भरून आणलं. बदनापूरला दिलेली त्यांची थोरली बहीण द्वारकाबाईसुद्धा हौसेनं आली होती. म्हस्कूनं नवा फेटा बांधला होता. "माझ्या बहिणीचा आवाज हाय शिनेमात," असं तो तिकिटं फाडणाऱ्यालासुद्धा सांगून आला. पहिल्या रांगेत तो आणि आसराबाई शेजारी शेजारी बसले.

सिनेमा सुरू झाला. माळ दिसला, मेंढरं दिसली, लोकांनी आपापली जनावरं ओळखून टाळ्या वाजवल्या. मग पिलारबाई एका खोलीत शिरली. खोलीत पलंग. पलंगावर तिच्या लेकाच्या वयाचा एक गडी, उघडाबंब. बाईनं अंगावरची शाल टाकली, बायकांनी पदर तोंडाला लावले आणि त्याच घटकेला टॉकीजच्या चारी भिंतींतून आसराबाईचा आवाज आला.

"वाट गं पाहिते... म्हस्कू... म्हस्कू... वाट गं पाहिते... म्हस्कू..."

'बंधवाच्या' कापला होता. पायावरचं पाणी कापलं होतं. उरलं होतं नुसतं नाव, ते पुन्हापुन्हा जोडलेलं, आणि पडद्यावर ती पिलारबाई ओठ हलवत होती. आसराबाईचा गळा तिच्या तोंडात, आणि म्हस्कूचं नाव त्या पलंगावर.

मग मागून अप्पारावांचा आवाज आला, "म्हस्कू, अरे जल्दी जा! बाई बलावून राह्यली!"

टॉकीज फुटलं. शिट्ट्या, टाळ्या, खिदळणं. कुणी ओरडलं, "बाई कोन्ती रे, पडद्यावरली का घराशेजारच्या खोलीतली?" आणि त्यावर आणखी मोठा हशा. इतकी वर्षं कुजबुजलेलं आज भर अंधारात मोकळं झालं होतं. म्हस्कू उठला. आसराबाईनं त्याचा हात धरला, तो त्यानं सोडवून घेतला. जन्मात पहिल्यांदा. मान खाली घालून तो बाहेर निघून गेला. पुढचा सिनेमा आसराबाईला दिसलाच नाही.

दिवे लागले. स्टेजवर टेबल, हार, नारळ. सूत्रसंचालकानं आसराबाईचं नाव पुकारलं, तशी ती अशी चढली की हार घेऊन आलेला माणूस बाजूला झाला. पिलारबाई हसत हसत मिठी मारायला पुढं आली. आसराबाईनं हात आडवा धरला.

"तातेराव, इकडं ये. ह्यांना इचार, तव्हा सांगितलं व्हतं का न्हाई, की ह्ये भावाचं हाय?"

तातेरावचा चेहरा उतरला होता. त्यानं विचारलं. डायरेक्टरनं खांदे उडवले, छातीवर हात ठेवला, बरंच बोलला.

"म्हणतोय... लक्षात व्हतं. पण आवाजात येवढी तहान हाय, की तो प्रसंग त्याच्याबिगर झालाच नसता. कलेत असं चालतं म्हणतोय. आन आता सिनेमा सगळीकडं गेलाय, बदलता येणार न्हाई."

"चालतं? कुणाच्या घरी चालतं? चोर तो चोर आन वर शिरजोर! माझ्या भावानं मला रस्त्यावरनं उचलून घरात घेतलं, त्या भावाचं नाव हाय त्ये. त्ये कापून, चिरून ह्या बाईच्या अंथरुणात टाकलं, आन वर मलाच नारळ द्यायला आले!"

हॉलमध्ये पुन्हा कुणीतरी फिस्सकन हसलं. आसराबाई गर्रकन वळली.

"हसा! हसा की! ह्या लोकान्ला तर आपली बोली कळत न्हाई. तुमान्ला कळत न्हाई का? अप्पाराव, तुमच्या दारात जातं नव्हतं का? तुमच्या आयाबहिणी काय दळताना मुक्यानं दळत व्हत्या? परदेशातल्या माणसानं अर्धी ओवी कापली, पन तुमच्या कानात तर ती पुरी हाय ना? समद्यान्ला ठाव व्हतं ह्ये भावाचं हाय. ठाव असून हसला तुमी. लाज कशी वाटली न्हाई रे, लाज?"

अप्पारावांनी घसा खाकरला आणि म्हणाले, "अगं गमतीनं बोललो. तू बी लई मनाला लावून घेती."

आणि तेवढ्यात बायकांच्या बाजूनं एक जाड, वयस्कर आवाज उठला. द्वारकाबाई उभ्या राहिल्या होत्या.

"सांजच्या पारामंदी, दारी वाट गं पाहिते,
अप्पाराव बंधवाच्या बाई, पायावं पानी घालिते."

"ताई, बस खाली," अप्पाराव दबक्या आवाजात म्हणाले.

"का रे? गंमत हाय ना? हस की." आणि द्वारकाबाईंनी त्यांच्याकडं बघत बघत ओवी पुन्हा पहिल्यापासून धरली.

मग सखूबाई उठली, तिनं आपल्या भावाचं नाव घातलं, रायभानचं. रायभान मघाशी शिट्टी मारणाऱ्यांत होता, तो खुर्चीत खाली सरकला. मागून झुंबरबाईनं बद्रीनाथचं नाव घेतलं. एकेक बाई उठत गेली आणि ज्याचं त्याचं नाव ज्याच्या त्याच्या बहिणीच्या तोंडून त्या टॉकीजात पडत गेलं. गडीमाणसं जमिनीकडं बघत बसली. बाहेर भिंतीला टेकून उभा असलेला म्हस्कू दारात येऊन थांबला होता.

पिलारबाईला वाटलं कार्यक्रमच चाललाय. डोळ्यांत पाणी आणून तिनं जोरजोरात टाळ्या वाजवायला सुरुवात केली.

आसराबाईच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. "तातेराव, तिला इचार, तुला भाऊ हाय का?"

तातेरावनं विचारलं. पिलारबाईनं हसून मान डोलावली.

"नाव काय त्याचं?"

"आन्सेल्मो," पिलारबाई म्हणाली. मायेनंच म्हणाली.

"बराबर. मंग तिला म्हणावं, त्या पलंगावर माझ्या म्हस्कूच्या जागी आन्सेल्मो म्हण. तुझ्याच गळ्यानं म्हण. आन तो शिनेमा तुझ्या गावात लाव, तुझ्या भावाला पहिल्या रांगेत बसवून. मंग मी ईन आन टाळ्या वाजवीन."

तातेरावनं या खेपेला काही गाळलं नाही. शब्द न शब्द सांगितला. पिलारबाईच्या टाळ्या थांबल्या. तिनं डायरेक्टरकडं पाहिलं, मग आपल्या हातांकडं पाहिलं आणि ते शालीखाली घेतले.

आसराबाई स्टेजवरून उतरली. दाराशी येऊन ती थांबली, कारण म्हस्कू अजून तिथंच उभा होता आणि त्याच्या तोंडावरून काही कळत नव्हतं.

"दादा..."

म्हस्कूनं तिच्याकडं पाहिलं, मग हॉलकडं पाहिलं. "चल आसरे," तो म्हणाला, आणि शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जाईल असं म्हणाला. "आपल्या घरी चल."

आणि सगळ्यांच्या देखत तिचा हात धरून तो तिला घेऊन गेला.