पूर्णविरामानंतर

शब्दकोशाच्या कचेरीत तीन उदाहरणं मिळाल्याशिवाय कुठल्याही शब्दाला आत घेत नसत. भाचीच्या टेबलावर एक शब्द पंधरा दिवस असाच ताटकळत होता. कार्फॉलॉजी.

तिचं नाव काहीतरी होतंच, पण मावशी तिला कौतुकाने आणि रागानेही 'भाचीबाई'च म्हणे. आई गेल्यावर वयाच्या चौथ्या वर्षी ती मावशीकडे आली आणि आता त्रेचाळीस वर्षांची झाली तरी तिथेच होती. मावशी रफू करायची. जिन्याखालच्या खोपटात बसून तिने चाळीस वर्षं लोकांच्या कोटांची, शालींची भोकं बुजवली होती, अशी की मालकालासुद्धा भोक कुठे होतं ते शोधून सापडू नये. भाचीने सुई सोडून पेन धरलं याचं तिला वाईट वाटलं नव्हतं, पण टोमणा मारायची संधीही ती सोडत नसे. "मी भोकं बुजवते, तू कागदावर शब्द चिकटवतेस. सांग, जगाला जास्त उपयोग कुणाचा?"

कचेरीत वैद्यकातल्या दुर्मीळ इंग्रजी शब्दांचा कोश चालला होता. इतके दुर्मीळ की डॉक्टरांनीसुद्धा त्यातले निम्मे ऐकलेले नसत. संपादक शिस्तीचे. शब्द ज्या वाक्यात असेल तेवढंच वाक्य पत्त्यावर, म्हणजे त्या शब्दाच्या कार्डावर, उतरवायचं, पुढचं एक अक्षर नाही. "पूर्णविराम आला की पेन उचला," ते म्हणत. "आपण शब्दांचे नोकर आहोत, गोष्टींचे नाही." म्हणून कचेरीत पाठीमागे सगळे त्यांना पूर्णविराम म्हणत, आणि मला वाटतं त्यांना ते माहीत होतं आणि आवडतही होतं.

अर्थ भाचीने लिहून ठेवला होता. 'मरणाच्या दारातल्या रुग्णाने पांघरुणावरचे किंवा हवेतले नसलेले धागे बोटांनी निरुद्देश वेचत राहणे.' त्यातला 'निरुद्देश' तिचा स्वतःचा. त्या एका शब्दासाठी पूर्णविरामांनी तिची पाठ थोपटली होती. पहिलं उदाहरण एका जुन्या डॉक्टरच्या पत्रांतलं होतं: 'कार्फॉलॉजी सुरू झाली आणि तिसऱ्या दिवशी दुपारी सारे आटोपले.' दुसरं एका परिचारिकेच्या वॉर्डातल्या वहीतलं: 'पलंग सात, वृद्ध स्त्री, कार्फॉलॉजीचा तिसरा दिवस, दुपारी तीनला गेली.' ही दोन्ही वाक्यं भाचीनेच उतरवली होती, पूर्णविरामापर्यंत, शिस्तीत.

आता घरातलं सांगायला हवं. त्या महिन्यात घरात दोन आजार होते, एक उघड आणि एक लपवलेला. उघड आजार मावशीचा. छातीत कफ भरून ताप आला होता, पण उतरला होता, आणि आठवड्यात हिंडूफिरू लागतील असं डॉक्टर सांगून गेले होते. लपवलेला आजार भाचीचा. तिच्या हृदयाच्या दोन कप्प्यांमधल्या पडद्याला जन्मापासून भोक होतं आणि ते आत्ता कळलं होतं. उशीर फार झाला आहे, शस्त्रक्रिया केली तरी खात्री देता येत नाही, असं तज्ज्ञाने नजर चुकवत सांगितलं होतं. ती फाइल तिने कपाटात जाडजूड कोशांच्या मागे खुपसून ठेवली. त्यांचं घर तिसऱ्या मजल्यावर, चोपन्न पायऱ्या. दुसऱ्या वळणावर तिला थांबावंच लागे. कुणी दिसलं तर ती पर्समध्ये किल्ली शोधल्याचं नाटक करी.

सोमवारी संध्याकाळी ती किल्ली 'शोधून' घरात आली तेव्हा मावशी उशांना टेकून बसली होती आणि तिची बोटं चालली होती. अंगठा आणि तर्जनी छातीजवळ यायची, चिमटीत काहीतरी धरायची, हळूच ओढायची. हवेत काहीही नव्हतं.

भाचीला टेबलावरचा तो शब्द आठवला.

"मावशी, काय करतेस?"

"काय करणार? हात रिकामे बसले की गंजतात." मावशीचा आवाज ठणठणीत होता. "चहा टाक. आणि साखर बघून घाल, कालचा चहा होता की पाक?"

आजारी माणूस असं बोलतं का? भाचीने स्वतःची समजूत घातली. चाळीस वर्षं धागे वेचलेली बोटं, सवय कुठे जाणार? पण चहा घेऊन ती परत आली तेव्हा बोटं चाललीच होती, आणि दारात उभी राहून ती घड्याळाकडे बघून मनातल्या मनात टिपून घेत होती: स्त्री, वय शहात्तर, संध्याकाळी सहा दहा, उजवा हात. आपण मावशीचा पत्ता तयार करतोय हे लक्षात आल्यावर तिला स्वतःची किळस आली. त्या नोकरीने माणसाला काय सवयी लावाव्यात!

मंगळवारी तिने रजा टाकली आणि मावशीवरची नजर हलवली नाही. आता दोन्ही हात चालत होते. डावा हात छातीजवळून धागा काढी, उजवा तो लांब नेऊन एक वर, एक खाली, एक वर, एक खाली, असा कशात तरी ओवी. विणीची ही चाल भाचीला लहानपणापासून पाठ होती. ती दिवसभर बघत राहिली आणि दुपारी तिच्या ध्यानात आलं की उजवा हात नेहमी तिच्याच दिशेने जातो आहे. ती खिडकीशी गेली, हात खिडकीकडे वळला. ती पलंगाच्या पायथ्याशी बसली, हात पायथ्याकडे आला. मावशीचे डोळे तर मिटलेले होते.

ती श्वास धरून उभी राहिली. तेव्हा तिला डाव्या बाजूला, बरगड्यांच्या आत, ओढ जाणवली. दुखलं नाही. अंगावरच्या कपड्याचं टोक कुणीतरी हलकेच धरावं तेवढंच. एक वर, एक खाली.

"मावशी, बास!" ती ओरडलीच.

मावशीने डोळे उघडले. "ओरडतेस कशाला? टाके चुकतात."

"कसले टाके? हातात सुई नाही, दोरा नाही."

"दोरा बाहेरून आणायचा नसतो, हे तुला सतराशे साठ वेळा सांगितलंय. त्याच कापडाच्या दुमडीतून काढायचा, जिथे कुणाला दिसत नाही तिथून. दुमड पुरली नाही तर त्याच ताग्यातलं दुसरं कापड शोधायचं." ती हसली. "तुझी आई, मी, तू, आपण एकाच ताग्यातल्या."

भाचीने तिचे हात हातात घेतले. बोटांच्या टोकांवर बारीक लाल ठिपके होते, ताजे, सुई टोचल्यासारखे. घरातल्या सगळ्या सुया जिन्याखालच्या खोपटात कुलपात होत्या आणि किल्ली भाचीकडे होती.

रात्र तिने कशीबशी काढली. बुधवार हा तिसरा दिवस. दोन्ही पत्त्यांवर तिसरा दिवस होता आणि दोन्हींवर दुपार होती. सकाळी तिने ट्रंकेतून थंडीतले जाड लोकरीचे हातमोजे काढले, बोटं नसलेले, पिशवीसारखे. ते मावशीच्या हातात चढवून मनगटावर नाड्या बांधल्या, वर गाठी मारल्या. हात थांबले तर दिवसही टळेल, एवढाच तिचा हिशेब. भीती माणसाला असले हिशेब करायला लावते, तिला हसू नका.

मावशी रागावली नाही, त्याचीच भाचीला जास्त भीती वाटली. ती फक्त म्हणाली, "काम अर्ध्यावर सोडलं की भोक आधीपेक्षा मोठं होतं, भाचीबाई."

"कसलं भोक?"

मावशीने मान वळवली. कपाटाकडे बघितलं. कोश होते त्या फळीकडे.

समोरच्या दारात एक निवृत्त शिक्षिका राहत. सगळा जिना त्यांना बाई म्हणे. भाचीने बाईंना मावशीजवळ बसवलं. "काहीही झालं तरी हातमोजे काढायचे नाहीत," असं तीनदा बजावलं, आणि ती कचेरीकडे निघाली. तिला एकच गोष्ट शोधायची होती. तिसरा दिवस उलटूनही कुणी जगलं होतं का? तसं एक जरी उदाहरण मिळालं असतं तरी पुरे होतं.

कचेरीत पोचेपर्यंत दोन वाजून गेले होते. पूर्णविराम जेवून नुकतेच टेबलाशी आले होते. "तिसरं उदाहरण मिळालं वाटतं?" त्यांनी विचारलं. ती तशीच आतल्या खोलीत गेली आणि तिने परिचारिकेची वही काढली. पान तिला पाठ होतं. 'पलंग सात, वृद्ध स्त्री, कार्फॉलॉजीचा तिसरा दिवस, दुपारी तीनला गेली.' इथे पूर्णविराम होता. इथेच तिने पेन उचललं होतं.

त्याच्या पुढे आणखी एक ओळ होती.

'पलंग आठवर तिची लेक, पोटाची जखम चिघळलेली, आशा सोडलेली, तीन वाजता उठून बसली व पाणी मागितले. जखम आतून शिवलेली आढळली. टाके कोणी घातले ते डॉक्टरांनाही ठाऊक नाही.'

तिने ती ओळ दोनदा वाचली. मग धावत जाऊन डॉक्टरच्या पत्रांचा गठ्ठा काढला, गाठ सुटेना तेव्हा दातांनी सोडवली. 'तिसऱ्या दिवशी दुपारी सारे आटोपले.' पूर्णविराम. आणि पुढे: 'त्याच घटकेला शेजारच्या खोलीतल्या नातवाचा श्वास मोकळा झाला. आजीचे हात शेवटपर्यंत त्याच्या खोलीच्या दिशेने चालले होते. मी हे लिहून ठेवतो, अर्थ लावत नाही.'

अर्थ तिने लावला होता. निरुद्देश.

तिने पत्र खाली ठेवलं. सोमवारपासूनचं सगळं तिच्यासमोर उलटं फिरू लागलं. मावशीला फाइल सापडली होती, कधी आणि कशी ते देव जाणे. मावशी मरणाच्या दारात नव्हतीच, डॉक्टर खरं सांगून गेले होते. ती आपल्या पायांनी चालत तिकडे निघाली होती, स्वतःच्या दुमडीतून एकेक धागा काढत. आणि मनगटावरच्या त्या दोन गाठी तिला अडवून होत्या.

खरं सांगायचं तर भाचीच्या मनात एक क्षण आलंच. गाठी सोडल्या तर मी जगेन. त्रेचाळीस हे काही जायचं वय नव्हे. हा विचार आला आणि तिला मावशीने चौथ्या वर्षी घातलेली वेणी आठवली, पहिली, वाकडी, मावशीला वेण्या येत नव्हत्या तेव्हाची. मग दुसरा विचार आलाच नाही. तिने फोनवर झडप घातली.

"सगळं ठीक आहे गं," बाई म्हणाल्या. "हातमोजे? ते काढले की मघाशी. हाताला घाम फुटलाय म्हणाल्या, मला बघवेना."

"परत घाला! बाई, आत्ताच्या आत्ता घाला!"

"अगं पण किती रमल्यात त्या. गुणगुणतायत. इतक्या दिवसांत मी त्यांना—"

तिने फोन तसाच टाकला. पूर्णविरामांनी मागून काहीतरी विचारलं, ते तिला ऐकू गेलं नाही. ती रस्त्याने धावली. धावायचं नाही असं तज्ज्ञाने बजावून सांगितलं होतं, भरभर चालायचंसुद्धा नाही. माणसं बाजूला होत होती, एका हातगाडीला तिचा पदर अडकला, तो तिने ओढून फाडला. कोपऱ्यावरच्या घड्याळात तीनला चार मिनिटं होती. छाती फुटेल असं वाटत होतं. फुटली तर बरं, असं ती मनात म्हणत होती, बुजवायला भोकच उरलं नाही तर मावशी कशासाठी हात चालवील?

जिन्याखालचं खोपटं बंद होतं. तिने पहिल्या अठरा पायऱ्या दोन-दोन करत घेतल्या. पुढच्या अठरा कठड्याला धरून. दुसऱ्या वळणावर पाय आपोआप थांबले, कितीतरी महिन्यांच्या सवयीने, आणि हात पर्समध्ये गेला.

मावशी काम संपलं की कात्री कधी वापरत नसे. कापड तोंडाजवळ नेऊन धागा दातांनी तोडी. टक् असा बारीक आवाज येई. लहानपणी भाची त्या आवाजाची वाट बघत खोपटाच्या उंबऱ्यावर बसायची, कारण त्यानंतर मावशी तिला जवळ घ्यायची.

तो आवाज आला. कानाला नाही, डाव्या बरगड्यांच्या आत. टक्.

ती श्वास परत यायची वाट बघत उभी राहिली. थोडा वेळ गेला तेव्हा तिच्या लक्षात आलं की श्वास कुठे गेलेलाच नाही. इतकं धावून, इतकं चढून तो शांत, एकसारखा चालला होता, झोपलेल्या मुलासारखा. तिने हुंदका दिला तर हुंदकाही खोल, भरपूर आला, आयुष्यात पहिल्यांदा.

वर दार उघडल्याचा आवाज झाला. बाई हलक्या आवाजात तिला हाक मारत होत्या.

उरलेल्या अठरा पायऱ्या ती सावकाश चढली. आता घाई उरली नव्हती.