न कापलेले कापड

मी एक जुना झगा आहे, मित्रांनो. एके काळी शुभ्र होतो, आता जुन्या पुस्तकाच्या पानासारखा पिवळा पडलो आहे. मला काचेच्या कपाटात टांगले आहे आणि समोरच्या पाटीवर 'पोप यांचा झगा' एवढेच लिहिले आहे. पोप म्हणजे कॅथलिक लोकांचे सर्वांत मोठे धर्मगुरू. एवढ्या थोर माणसाबद्दल मी बोलावे अशी माझी योग्यता नाही. शिवाय माझ्यात एक खोट आहे. मी पहिल्यापासून संशयी आहे. अशा संशयाने एका भल्या माणसाचे काय केले, ते मला सांगायचे आहे.

माझा जन्मच अंदाजावर झाला. एक पोप वारले, की दुसरे निवडण्यासाठी मोठे धर्माधिकारी एका दालनात स्वतःला कोंडून घेतात. निवड कोणाची होणार, हे शिंप्याला कसे कळावे? म्हणून तो तीन झगे शिवून ठेवतो. एक लहान, एक मध्यम आणि एक मोठा. मी त्यातला मोठा. आम्हाला शिवणारे मास्तर पोपच्या वाड्याच्या फाटकापासून तिसऱ्या गल्लीत, वडिलांच्याच मशीनवर काम करायचे. शिवणीच्या आत जे जादा कापड ठेवतात त्याला शिंपी लोक माया म्हणतात.

"माया सढळ ठेवतोय," मास्तर बायकोला म्हणाले. "कोण घालणार ते देवालाच ठाऊक."

माझी काजे करता करता बाई म्हणाल्या, "देवाला ठाऊक आहे ना? मग त्यानं माप कळवायला काय हरकत होती?"

देवाने शिडीसारखा उंच आणि काडीसारखा बारीक माणूस निवडला. मधला झगा त्यांच्या पोटऱ्यांपर्यंतच पोहोचला आणि मी अंगावर तंबूसारखा झालो. बाहेर चौकात माणसांचा समुद्र वाट पाहत होता. मास्तरांनी घाईघाईने माझी पाठ टाचण्यांनी चिमटली, टाके घातले आणि टाचण्या काढल्या. एक राहिली. नव्या पोपनी सज्जात उभे राहून आशीर्वादाला हात उंचावला आणि ती नेमकी त्यांच्या पाठीत घुसली. ते दचकले. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांनी छापले, 'नवे पोप जबाबदारीने बावरले.' मला मात्र वाटले, मास्तरांनी टाचणी मुद्दामच ठेवली असणार. का ठेवतील, याचा मी विचारही केला नाही. संशयाला कारण लागत नाही, मित्रांनो.

पोपनी मास्तरांना बोलावले आणि तळहातावर टाचणी पुढे केली. "मास्तर, ही तुमची. शोधत असाल म्हणून जपून ठेवली."

मास्तरांचा चेहरा माझ्याहून पांढरा पडला. "फादर, पिढ्यान्‌पिढ्यांचं काम आहे हो आमचं..."

"अहो, मी खाणकामगारांच्या शाळेत वीस वर्षं गणित शिकवलं. म्हणजे मीही मास्तरच. बेरीज चुकली म्हणून पोराला कधी शाळेतून काढलं नाही. बसा. मला आतल्या बाजूला एक खिसा हवाय."

या खिशाने वाड्यात कुजबुज सुरू झाली. सचिवसाहेब म्हणजे सगळा कारभार डोक्यावर घेऊन वावरणारे गृहस्थ. त्यांनी धुलाईच्या सिस्टरना हळूच विचारले, "पोपना खिसा कशाला लागतो?"

"रुमालाला," सिस्टर म्हणाल्या. मग जरा थांबून, "निदान तसं दिसतं तरी."

खिशात लोकांची पत्रे असत. तुरुंगातली, दवाखान्यातली, युद्धात घर गेलेल्यांची. खडूचा एक तुकडाही असे, जुनी सवय म्हणून. पोप शिकवत ते फार अवघड नव्हते. जो दाराबाहेर उभा आहे, त्याचे आधी ऐका. युद्धात जिंकलेल्याच्याही घरात कोणीतरी रडत असते, हे विसरू नका. आणि कोणावर आळ घेण्याआधी त्याचे दार ठोठावून त्यालाच विचारा. सचिवसाहेबांनी हे शेवटचे वाक्य स्वतःच्या हाताने उतरवून देशोदेशी धाडले होते. मी तर ते पोपच्या छातीवर राहूनच ऐकले होते. तरी आम्ही दोघेही ते विसरलो.

नवव्या वर्षी पोप वाळू लागले. पोटात काहीतरी होते. ही गोष्ट बाहेर फुटू नये, असे वाड्याने ठरवले. मास्तर दर पंधरवड्याला येत, वहीत तारीख आणि इंच लिहून घेत आणि माझ्या दोन्ही बाजू आत घेत. सिस्टर म्हणाल्या, "जादा कापड कापून का नाही टाकत? इस्त्री करताना किती जाड लागतं!"

"कापत नाही, दुमडतो," मास्तर म्हणाले. "अंग परत भरलं की मग?"

एका शुक्रवारी मी शेजारच्या खोलीत सिस्टरपुढे इस्त्रीच्या टेबलावर पडलो होतो. उघड्या दारातून मला दिसले, की पोप मास्तरांच्या कानाशी काही पुटपुटले आणि त्यांच्या हातात एक चिठ्ठी दिली. मास्तरांनी इकडे तिकडे पाहिले, चिठ्ठी घाईने कोटाच्या खिशात कोंबली आणि डोळे पुसले. मग मला बगलेत मारून ते दुकानात गेले. माझ्या मनात पाल चुकचुकली.

मंगळवारी वर्तमानपत्रात मोठ्या अक्षरांत आले, 'पोप आजारी, अकरा किलो वजन घटले.'

बुधवारी मास्तर मला परत घेऊन आले, तेव्हा सचिवसाहेब इस्त्रीच्या खोलीत वाटच पाहत होते. त्यांनी मास्तरांची वही हातातून ओढून घेतली.

"तारखेसकट इंच! याहून आणखी काय पुरावा हवा?"

"साहेब, मापं आहेत ती."

"शुक्रवारी खिशात काय घातलंत? सिस्टरनी पाहिलंय."

मास्तर मापाची टेप गुंडाळू लागले.

"मी विचारतोय!"

"ते नाही सांगता येणार."

सिस्टर इस्त्रीकडे बघत म्हणाल्या, "माणूस वाईट नाही हो. पण त्या दिवशी हात फार थरथरत होते त्यांचे." ही त्यांची बाजू घेणे होते की काय, ते मला आजही कळलेले नाही. आणि खरे सांगायचे, तर मीही मनात म्हणालो, टाचणीवाला अखेर सापडला! ज्यांनी मला टाका टाका घालून घडवले, त्यांच्याबद्दल मी असे म्हणालो.

मास्तरांचे काम बंद झाले. पोप अंथरुणाला खिळले होते, त्यांना कोणी काही सांगितले नाही. पण दोन आठवड्यांनी माप घ्यायला भलताच माणूस आला, तेव्हा ते उठून बसले.

"आमचे मास्तर कुठे आहेत?"

सचिवसाहेबांनी चाचरत सगळे सांगितले. ऐकता ऐकता पोपनी डोळे मिटून घेतले.

"बातमी कधी आली म्हणालात?"

"मंगळवारी."

"मी शनिवारी तुरुंगाच्या दवाखान्यात होतो. एक म्हातारा कैदी पोट धरून कण्हत होता. मला म्हणाला, तुम्हाला काय कळणार याचं! मी म्हटलं, बाबा, माझंही पोटच दुखतंय, अकरा किलो उतरलोय. तेव्हा कुठे तो हसला. वॉर्डात तीस माणसं ऐकत होती." त्यांनी सचिवसाहेबांकडे पाहिले. "बातमी फोडली ती मीच. तुम्ही मास्तरांना विचारलंत. मला का नाही विचारलं?"

त्या शनिवारी मी मास्तरांच्या दुकानात होतो आणि पोपच्या अंगावर दुसरा झगा होता. म्हणून मला हे ठाऊक नव्हते. पण ठाऊक नसताना मनातही आळ न घेणे मला जमले नाही.

पोपनी मलाच अंगावर चढवले. सचिवसाहेबांच्या खांद्यावर हात ठेवून, तीन ठिकाणी थांबत, ते तिसऱ्या गल्लीत गेले. दुकानाचे दार अर्धेच उघडे होते. त्यांनी ते ठोठावले.

मशीनवर एक अर्धवट शिवलेला झगा होता, जाड्याभरड्या सुती कापडाचा, अस्तर नसलेला. मास्तरांनी घाईने त्यावर कागद टाकला.

"राहू द्या," पोप म्हणाले. "साहेबांनाही बघू द्या. मी जाईन तेव्हा माझ्या अंगावर हा असणार आहे. लोकांना आधीच रडवायचं नव्हतं, म्हणून हे काम चिठ्ठीवर लिहून दिलं आणि कुणाला सांगू नका म्हणालो." मग ते मास्तरांकडे वळले. "पण तुम्ही यांना तरी सांगायचं ना हो!"

"तुम्ही नको म्हणाला होतात," मास्तर म्हणाले. बस, एवढेच.

सचिवसाहेबांनी टोपी काढली. "माझं चुकलं, मास्तर."

आतून बाई बाहेर आल्या. "चुकलं म्हणणं सोपं असतं, साहेब. दोन आठवडे शेजारीण मला बघून खिडकी लावून घेते. ती खिडकी कोण उघडणार?"

मग पोप मास्तरांच्या स्टुलावर टेकले आणि म्हणाले, "साहेब, ती चिठ्ठी मी दिली, म्हणून अर्धी चूक माझी. मला चालवत नाही. गल्लीतलं एकेक दार तुम्हीच ठोठावा. दोघांची चूक सांगा."

आणि सचिवसाहेब गेले! आम्ही दुकानातून ऐकत होतो. टक टक, मग दार करकरण्याचा आवाज, मग त्यांचा पडलेला आवाज. सातव्या दाराला त्यांचा आवाज जरा सरळ झाला. बाईंनी दुकानाचे दार पूर्ण उघडले आणि पोपना पाणी आणून दिले.

मास्तरांनी त्या दिवशी माझी आणखी एक घडी आत घेतली. पोपचे अंग काही परत भरले नाही. दोन महिन्यांनी ते गेले, तो साधा झगा अंगावर घालून. मी मागे राहिलो.

आता मला पाहायला माणसे येतात. परवा एक गृहस्थ काचेला नाक लावून बायकोला म्हणाले, "बघ, दोन्ही बाजूंना किती जाडजूड! कसला कामचुकार शिंपी! जादा कापडसुद्धा कापलं नाही त्यानं."

मला ओरडावेसे वाटले, पण मला आवाज नाही. आणि एके काळी मीही मनात असेच म्हणालो होतो. म्हणून तुम्हाला विनंती आहे, मित्रांनो. कधी या काचेपुढे उभे राहिलात आणि शेजारी कोणी असे म्हणाले, तर त्यांना हळूच सांगा, की ते कापड विसरून राहिलेले नाही. एक आजारी माणूस बरा होईल, या आशेने कोणीतरी ते ठेवले होते.